कमीत कमी

मार्केट यार्डात, भुसार बाजाराच्या मागे
बारदानाच्या दुकानावर आमची लॅब.
जिन्यात तागाचा वास, वर अ‍ॅसिटोनचा.
मधल्या तीन पायऱ्यांवर
दोन्ही वास एकमेकांना ओळख दाखवत नाहीत.

नमुने येतात ते बिननावाचे.
ह-४१७. ह-४१८.
गाव पुसलेलं, शेत पुसलेलं,
लाखेचं सील, सुतळी, दोन सह्या.
मी ओलावा काढते, राख काढते,
शिसं आहे का बघते,
आणि शेवटी पिवळेपणाचा आकडा,
ज्याच्यावर गुंदेचांचा फुरसुंगीचा कारखाना चालतो.

नियम म्हणतो, कमीत कमी दोन टक्के.
लिहिणाऱ्यानं ही जमीन आखली असणार,
हिच्या खाली कुणी उतरू नये म्हणून.
गुंदेचांनी ती उचलली
आणि छत म्हणून टाकली.
हिंगोलीची येते साडेतीनची,
सांगलीची चारच्या आसपास,
आणि कुठून कुठून जुनी, पोचट, दीड-सव्वाची.
सगळी एका पिंपात फिरते
आणि बाहेर पडते
दोन पूर्णांक शून्य सहा.
यात भेसळ नाही, हे मी सहीनिशी सांगते.
हळदीत हळदच मिसळली आहे.

मिसळणारा माणूस महेबूब अत्तार.
अठ्ठावीस वर्षं पिंपापाशी.
चिमूट अंगठ्याखाली चोळतात,
तळव्यावरची रेघ उजेडाकडे धरतात,
म्हणतात, "दोन पूर्णांक तीन. जास्त झाली.
अजून दोन पोती जुनी घाला."
माझं यंत्र एवढंच सांगायला चाळीस मिनिटं घेतं,
आणि वर्षातून एकदा
त्याचा खरेपणा तपासायला माणूस येतो, टाय लावून.
अत्तारांना कुणी तपासलेलं नाही.

गेल्या मंगळवारी ते स्वतःच जिना चढून आले.
सील नाही, सुतळी नाही,
राशिभविष्याच्या पानात बांधलेली पुडी.
"मॅडम, मुलीची हळद आहे गुरुवारी.
व्याह्यांनी पाठवलीय, वायगावहून, वर्ध्याकडून.
सहज बघा ना, किती निघते."

सहज काही बघता येत नाही इथे.
रजिस्टर आहे, फी आहे, रकाने आहेत.
मी जेवणाच्या सुट्टीत बघितली,
डबा तसाच ठेवून.

पाच पूर्णांक सात.

पुन्हा बघितली. पाच पूर्णांक सात.
"मी सहा धरली होती," अत्तार म्हणाले,
"वय झालं." आणि मग,
"असं काही आलं तर कागदावर काय लिहिता?"
मी छापील फॉर्म दाखवला.
शेवटच्या ओळीत एकच प्रश्न :
मानकानुसार आहे काय?
पुढे दोन चौकोन. होय. नाही.
ह-४१७ ला होय.
हिलाही होय.
"होयच्या वर काही नाही?"
"नाही."
"मग शेठचं बरोबर आहे," ते म्हणाले,
रागानं नव्हे, हिशेब जुळल्यासारखे,
"होयला लागते तेवढीच घालायची."
पुडी बांधताना मात्र
टेबलावर सांडलेली चिमूट
नखानं खरवडून आत घेतली.

सहाच्या बसमध्ये कंडक्टरनं
माझी दहाची नोट उलटसुलट करून पाहिली.
कोपरा पिवळा झाला होता.
"हळद आहे," मी म्हटलं.
"ते दिसतंय," म्हणाला, आणि तिकीट फाडलं.

बिबवेवाडीच्या कोपऱ्यावर पाव किलोचं पाकीट घेतलं.
गुंदेचांचंच; तिथे तेवढंच मिळतं.
मागे बारीक अक्षरात :
मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत तपासलेले.
म्हणजे मी.

रात्री वरणात एक चमचा घातली,
ढवळली, वाट पाहिली,
मग अजून एक.